पिसाकच्या डोंगरावरून बाजारात उतरताना: इंकांच्या खोऱ्यातला एक दिवस कसा आखावा

पेरूमधल्या कुस्को शहरातून ‘वाये साग्रादो’ला, म्हणजे इंकांच्या (स्पॅनिश लोक येण्याआधी इथे राज्य करणाऱ्यांच्या) पवित्र खोऱ्यात, एका दिवसाच्या सहली निघतात. बहुतेक सगळ्या एकाच साच्याच्या. सकाळी आठच्या सुमारास बस, पिसाकचे अवशेष तासभर, खालचा बाजार अर्धा तास, उरुबांबाला बुफे जेवण, ओयांतायतांबो तासभर, परतीच्या वाटेवर चिंचेरो आणि अंधार पडल्यावर कुस्को. पहिल्या खेपेला मीही अशीच गेले. फोटो भरपूर आले, पण रात्री आठवायला बसले तर कुठला दगड कुठल्या गावचा ते सांगता येईना.

दोन वर्षांनी आईला घेऊन गेले तेव्हा गाडी आणि गाईड स्वतः ठरवला, एक ठिकाण गाळलं, आणि पिसाकला डोंगराच्या माथ्यावरून सुरुवात करून पायी उतरत थेट बाजारात पोचलो. आई अकोले तालुक्यातली. डोंगरउतारावर बांध घालून भाताची खाचरं कशी धरतात हे तिला शिकवावं लागत नाही. ती वाटेत मला दाखवत होती की पाणी कुठून आत घेतलंय आणि कुठून बाहेर काढलंय. तेव्हा कळलं की इथे अवशेष आणि बाजार ही दोन वेगळी प्रेक्षणीय स्थळं नाहीतच. वर जी खाचरं दिसतात, तशाच उतारांवर पिकलेला मका आणि बटाटा खाली पथारीवर मांडलेला असतो. दिवस आखताना हा धागा तुटू द्यायचा नाही, एवढंच माझं म्हणणं आहे. पुढचं सगळं त्यासाठी.

आधी उंचीचा हिशेब

कुस्को समुद्रसपाटीपासून सुमारे ३,४०० मीटरवर आहे. आपलं कळसूबाई १,६४६ मीटर. दोन कळसूबाई एकावर एक ठेवली तरी कुस्को वरच राहतं. हवेचा दाब कमी असल्यामुळे दर श्वासाला मिळणारा प्राणवायू समुद्रकाठच्या साधारण दोन-तृतीयांशच असतो, आणि राजधानी लिमाहून विमान सव्वा तासात तिथे नेऊन सोडतं. शरीराला सवय व्हायला वेळच मिळत नाही. डोकं ठणकणं, भूक मरणं, रात्री झोप न लागणं, दहा पायऱ्यांत धाप लागणं, या सगळ्याला तिथे ‘सोरोचे’ म्हणतात. तो तरुणांनाही होतो आणि रोज व्यायाम करणाऱ्यांनाही होतो.

यावरचा सगळ्यात चांगला उपाय नकाशातच आहे. खोरं कुस्कोपेक्षा खाली आहे. पिसाक गाव सुमारे २,९७० मीटरवर, उरुबांबा २,८७० आणि ओयांतायतांबो २,८०० मीटरच्या आसपास. म्हणून कुस्कोच्या विमानतळावर उतरलात की शहरात मुक्काम न करता सरळ खोऱ्यात जा आणि पहिल्या दोन रात्री तिथेच काढा. कुस्को शेवटी बघा. आईच्या बाबतीत आम्ही हेच केलं आणि तिला पहिल्या संध्याकाळच्या हलक्या डोकेदुखीपलीकडे काही झालं नाही.

पहिला दिवस हळू चालायचं, हलकं जेवायचं, दारू नको, पाणी भरपूर. ॲसिटाझोलामाइड नावाची गोळी पुष्कळ जण घेतात, पण ती डॉक्टरांना विचारूनच घ्यावी. सल्फा औषधांची ॲलर्जी असेल, मूत्रपिंडाचा त्रास असेल तर विशेषच. बसल्या जागी धाप लागली, चालताना तोल गेला किंवा माणूस असंबद्ध बोलू लागला, तर चहापाण्यावर वेळ न घालवता डॉक्टर गाठायचा आणि खाली उतरायचं.

हॉटेलात शिरताच कोकाच्या पानांचा चहा पुढे येतो. पेरूमध्ये तो कायदेशीर आहे आणि घरोघरी पितात. मात्र त्यानंतर काही दिवस लघवीच्या तपासणीत कोकेनचा अंश दिसू शकतो. नोकरीत अशी तपासणी होत असेल तर कोका टाळा आणि ‘मुन्या’ मागा. ही पुदिन्यासारख्या वासाची डोंगरी वनस्पती आहे. जेवणानंतर तिचा चहा फार छान वाटतो.

व्हिसा आणि पिवळा ताप

भारतीय पासपोर्टवर पेरूचा व्हिसा लागतो. पण अमेरिका, ब्रिटन, कॅनडा, ऑस्ट्रेलिया किंवा शेंगेन देशांपैकी कुठला किमान सहा महिने वैध असलेला व्हिसा हातात असेल, किंवा तिथला कायम वास्तव्याचा परवाना असेल, तर पर्यटनासाठी वेगळा व्हिसा लागत नाही. आईकडे अमेरिकेचा व्हिजिटर व्हिसा होता, त्यावरच ती आली. मुलांकडे परदेशी आलेल्या आईवडिलांना ही सवलत फार उपयोगाची आहे. तिकीट काढण्याआधी वकिलातीच्या संकेतस्थळावर सध्याचा नियम एकदा वाचून घ्या.

दुसरी गोष्ट बरेच जण विसरतात. भारताच्या यादीत पेरू हा पिवळ्या तापाचा धोका असलेला देश आहे. तिथून निघून सहा दिवसांच्या आत भारतात उतरलात आणि लशीचं प्रमाणपत्र नसेल, तर विमानतळावरूनच विलगीकरणात जावं लागू शकतं. लस घेतल्यावर दहा दिवसांनी प्रमाणपत्र ग्राह्य होतं, म्हणजे आदल्या आठवड्यात धावपळ करून उपयोग नाही. साठीच्या पुढच्या माणसांनी ही लस डॉक्टरांशी नीट बोलूनच घ्यावी. आम्ही आईचा परतीचा प्रवास असा आखला की पेरूनंतर ती तीन आठवडे माझ्याकडे राहिली आणि मग भारतात गेली.

तिकीट कुठलं घ्यायचं

खोऱ्यातल्या मोठ्या अवशेषांना एकेकटं तिकीट मिळत नाही. ‘बोलेतो तुरीस्तिको’ नावाचं एकत्र तिकीट घ्यावं लागतं. पूर्ण तिकिटात १६ ठिकाणं आणि १० दिवसांची मुदत. परदेशी पर्यटकांना दर १३० सोल (हे पेरूचं चलन). नुसत्या खोऱ्याचं अर्धं तिकीट ७० सोलचं, मुदत दोन दिवस, आणि त्यात पिसाक, ओयांतायतांबो, चिंचेरो आणि मोराय ही चार ठिकाणं. हे दर बरीच वर्षं असेच आहेत, तरी निघण्याआधी खात्री करा. कुस्कोमध्येही घालवायला दोन-तीन दिवस असतील तर पूर्ण तिकीट घ्या, कारण साक्सायवामानसारखी शहराजवळची ठिकाणं त्यातच येतात. मारासची मिठागरं मात्र या तिकिटात नाहीत, तिथे वेगळे पैसे भरावे लागतात.

तिकीट अवशेषांच्या दारावरही मिळतं. पैसे रोख आणि सोलमध्येच द्यायचे. एक डॉलर म्हणजे साधारण साडेतीन सोल. फाटकी, चिकटवलेली नोट तिथे कोणी घेत नाही, म्हणून पैसे बदलून घेताना प्रत्येक नोट उलटून पाहा. सुट्ट्या नाण्यांची वेगळी पुरचुंडी ठेवा. स्वच्छतागृहाला नाणं लागतं आणि बाजारात तर दिवसभर लागतं.

गाईड ठरवताना विचारायचे प्रश्न

सहल स्वस्त की महाग यापेक्षा ती कशी चालते हे आधी समजून घ्यावं. मी पहिल्या वेळी काहीच विचारलं नव्हतं. त्या दिवशी रस्त्यालगतच्या चांदीच्या दुकानात पाऊण तास गेला आणि पिसाकच्या माथ्यावर चाळीस मिनिटं मिळाली.

दुसऱ्या वेळी मी चार गोष्टी कागदावर लिहून घेतल्या. पिसाकला गाडी आम्हाला वरच्या दरवाजाशी सोडून खाली गावात येऊन थांबेल का, आणि गाईड आमच्याबरोबर पायी उतरेल का? वाटेत दुकानं किती, आणि ती टाळता येतील का? सांगितलेल्या पैशांत अवशेषांचं तिकीट आणि जेवण धरलंय का? पैसे अख्ख्या गाडीचे आहेत की माणशी? पहिल्या प्रश्नाला ‘लोक परत वरच येऊन बसतात’ असं उत्तर आलं, तर तो गाईड तुमच्यासाठी नाही. अधिकृत गाईडकडे सरकारी ओळखपत्र असतं. ते मागितलं म्हणून तिथे कोणाला राग येत नाही.

चौघे असाल तर स्वतंत्र गाडी परवडते. एकटे असाल आणि थोडं स्पॅनिश बोलता येत असेल, तर ‘कोलेक्तिवो’ म्हणजे आपल्याकडच्या वडापसारख्या गाड्या आहेत. गाडी भरली की सुटते. पिसाकच्या गाड्या कुस्कोत पुपुती नावाच्या रस्त्यावरून मिळतात, ओयांतायतांबोच्या पावितोस रस्त्यावरून. पिसाक गावातून वरच्या दरवाजापर्यंत टॅक्सी करायची आणि गाईड तिथे घ्यायचा. खर्च खूप कमी होतो, वेळ तेवढा जास्त लागतो.

दिवस कोणता? कोरडा हंगाम मे ते ऑक्टोबर. जून-जुलैत गर्दी शिगेला असते. जानेवारी-फेब्रुवारीत पाऊस सगळ्यात जास्त, तेव्हा उतरणीची वाट निसरडी होते. वाराचं म्हणाल तर रविवार. पिसाकचा बाजार आता रोज भरतो, पण मंगळवार, गुरुवार आणि रविवार हे त्याचे जुने वार, आणि डोंगरातल्या वाड्यांवरून शेतकरी माल घेऊन येतात तो खरा आठवडी बाजार रविवारचा.

पिसाक: वरून खाली

खोऱ्यात मुक्काम नसेल आणि कुस्कोहून येणार असाल, तर सहाला निघा. अंतर सुमारे ३३ किलोमीटर, वळणावळणाचा घाट, तासाभरात पोचता. सात वाजता दार उघडतं. कुस्कोच्या बसेस यायला अजून वेळ असतो. अंगावर कपड्यांचे थर हवेत. सात वाजता कानटोपी लागते आणि दहा वाजता ऊन कातडी भाजतं. इतक्या उंचीवर ऊन फार कडक असतं, ढग असले तरी. टोपी, सनस्क्रीन, पाणी, सुकामेवा, आणि गुडघे कुरकुरत असतील तर रबरी टोकाची काठी.

वरच्या दरवाजातून आत आल्यावर पहिली दिसतात ती खाचरं. डोंगराच्या अंगाला चिकटून, त्याच्या प्रत्येक वळणाबरोबर वळत खाली गेलेले दगडी बांध. इंका राजा पाचाकुती याच्या काळात, म्हणजे १५व्या शतकात, हे उभं राहिलं असं मानलं जातं. इथे घाई करू नका. बांधाच्या भिंतीतून बाहेर आलेले लांब दगड शोधा. एकावर एक तिरके बसवलेले ते दगड म्हणजे एका खाचरातून दुसऱ्यात उतरायच्या पायऱ्या. बांधाच्या आत तळाशी मोठे दगड, त्यावर बारीक खडी, त्यावर वाळू आणि सगळ्यात वर काळी माती असे थर भरत, त्यामुळे पावसाचं पाणी साचून भिंत फुगत नाही. दगड दिवसभर तापतो आणि रात्री ती ऊब मातीला देतो, म्हणून हिमाच्या रात्रीही पीक तग धरतं. आईने भिंतीवर हात ठेवून पाहिला. तेव्हा आठच वाजले होते, आणि उन्हाकडची बाजू कोमट झाली होती.

आता मान वळवून समोरच्या कड्याकडे पाहा. त्यात असंख्य बिळं दिसतील. त्या इंकांच्या कबरी, तान्तानामार्का. गाठोड्यासारखं बांधलेलं प्रेत आत बसतं करून तोंड लिंपून टाकत. बहुतेक सगळ्या लुटारूंनी फोडल्या. तिकडे जायला वाट नाही आणि जाऊही नये.

तिथून वाट कायाकासाच्या वस्तीवरून, एका लहानशा बोगद्यातून, कड्याच्या कडेने इंतिवातानाकडे जाते. चाळीस मिनिटं धरा. एका बाजूला खोल दरी आहे, चक्कर येण्याचा त्रास असेल तर गाईडला पुढे ठेवा. इंतिवाताना या केचुआ (इंकांची भाषा, इथे आजही बोलतात) शब्दाचा अर्थ ‘सूर्य बांधून ठेवायची जागा’. कातळातून कोरलेला खुंट मधे आणि त्याभोवती घडीव दगडांच्या भिंती. आतापर्यंत पाहिलेल्या भिंती ओबडधोबड दगड-मातीच्या होत्या. इथे सांध्यात नख शिरत नाही. एकाच गावात दोन तऱ्हेचं बांधकाम का, हे गाईडला इथेच विचारा. घरं आणि खाचरं एका हाताने बांधली, देवाचं काम दुसऱ्या हाताने. जवळच झऱ्याचं पाणी दगडी पाटातून कुंडात पडतं. ते आजही वाहतं.

इथून दोन पर्याय. गुडघे धड नसतील तर आल्या वाटेने परत वर जाऊन गाडीने खाली या, त्यात काही कमीपणा नाही. नाहीतर दगडी पायऱ्यांनी खाली उतरा. सव्वा-दीड तास लागतो. पायऱ्यांची उंची सारखी नाही, तेव्हा पायाखाली बघून चाला आणि दृश्य बघायचं तेव्हा थांबा. वाट खाचरांच्या कडेने उतरते, ओढ्याचा आवाज वाढत जातो, मग कौलारू छपरं दिसतात, आणि शेवटच्या वळणावर भाजलेल्या पावाचा वास येतो. गावात मातीच्या मोठ्या भट्ट्या आहेत, त्यात एंपानादा, म्हणजे करंजीसारखे सारण भरलेले पाव, भाजतात. चीज-कांद्याची एंपानादा शाकाहाऱ्यांना चालते, तरी आत काय आहे ते विचारून घ्या. त्याच भट्ट्यांत ‘कुय’ही भाजतात, म्हणजे गिनीपिग. इथल्या लोकांचं ते सणासुदीचं अन्न आहे. आपल्याला खायचं नसेल तर शांतपणे नको म्हणावं, तोंड वाकडं करू नये.

बाजारात

चौकात शिरताच पहिल्या रांगा पर्यटकांच्या मालाच्या: स्वेटर, पिशव्या, चांदी. त्या ओलांडून सरळ भाजीच्या बाजूला जा. सुरुवात तिथून केली की बाजार कळतो.

जमिनीवर चादर अंथरून, पायघोळ घागरा आणि गावागावाप्रमाणे बदलणारी टोपी घातलेल्या बायका बसलेल्या असतात. समोर बटाट्यांचे ढीग: जांभळे, पिवळे, आल्याच्या कुड्यासारखे गाठीगाठींचे, आतून लाल रेघा असलेले. बटाटा याच डोंगरांतला. पिसाकच्या वरच्या वाड्यांनी मिळून ‘बटाट्याचं उद्यान’ म्हणून जमीन राखली आहे आणि तिथे शेकडो देशी वाण पिकवतात. २००४ साली लिमाच्या आंतरराष्ट्रीय बटाटा केंद्राशी करार होऊन हरवलेले वाणही पुन्हा या शेतांत आले. आमच्या अकोल्यात कोंभाळण्याच्या राहीबाई पोपेरे यांनी देशी बियाणं जपलं आणि २०२० मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. आईला तीच आठवण झाली. तिने एका आजीला खुणेने विचारलं, बी घरचं का? आजीने छातीवर हात ठेवून मान हलवली.

‘चुन्यो’ नक्की हातात घेऊन पाहा. कडाक्याच्या थंडीत बटाटे रात्री उघड्यावर गोठवायचे, दिवसा पायाने तुडवून पाणी काढायचं आणि उन्हात वाळवायचे. खडूसारखा हलका झालेला हा बटाटा वर्षानुवर्षं टिकतो. शेजारी मक्याची कणसं असतात, दाणे अंगठ्याच्या नखाएवढे. या खोऱ्यातल्या पांढऱ्या मक्याला आपल्या देवगड हापूससारखंच भौगोलिक मानांकन आहे. उकडलेलं कणीस आणि खारट ताज्या चीजचा तुकडा, याला ‘चोक्लो कोन केसो’ म्हणतात. दुपारच्या जेवणाआधीचं सगळ्यात चांगलं खाणं हेच.

उपास असेल तर काळजी नको. बटाटा, रताळं, शेंगदाणा हे सगळं अमेरिका खंडातूनच आपल्याकडे आलं. आणि ‘किवीचा’ म्हणून जे बारीक दाणे दिसतात तो राजगिऱ्याचाच सख्खा भाऊ. त्याच्या लाह्या गुळासारख्या पाकात किंवा मधात घालून केलेली वडी इथे मिळते. आईने पहिला घास घेतला आणि म्हणाली, ‘अगं, हा तर आपला राजगिरा.’ एकादशी नव्हती, तरी दोन वड्या संपल्या.

भाव करताना भाजीवाल्या बाईला ‘कासेरिता’ म्हणा. नेहमीच्या गिऱ्हाइकाने विक्रेत्याला आणि विक्रेत्याने गिऱ्हाइकाला घालायची ही हाक आहे, दोन्हीकडून चालते. ‘क्वांतो क्वेस्ता?’ म्हणजे केवढ्याला. केचुआत आभार ‘सुल्पायकी’. या एका शब्दाने चेहरे उजळतात. भाजी-फळांत घासाघीस करू नका, रक्कम तशीही थोडीच असते. त्याऐवजी हसून ‘यापा’ मागा. हा केचुआ शब्द आहे: माप झाल्यावर वर घातलेली मूठ. आपल्याकडे भाजीवर कोथिंबिरीची काडी पडते, अगदी तसं.

फोटो काढण्याआधी विचारा. रंगीत पोशाखात कोकरू घेऊन उभ्या असलेल्या बायका-मुली फोटोचे पैसे घेतात. ते त्यांचं काम आहे, आकडा आधी ठरवा. भाजी विकणाऱ्या बाईचा फोटो हवा असेल तर आधी काहीतरी विकत घ्या. रविवारी चौकातल्या चर्चमध्ये केचुआ भाषेत प्रार्थना होते आणि आसपासच्या वाड्यांचे ‘वारायोक’, म्हणजे गावचे मानकरी, चांदीने मढवलेल्या काठ्या घेऊन येतात. तो क्षण दिसला तर कॅमेरा खाली ठेवा.

जुनी भांडी, मणी, कापडाचे तुकडे ‘इंकांच्या काळातले’ म्हणून कोणी दाखवले तर हातही लावू नका. खोटे असतील तर फसवणूक, आणि खरे असतील तर देशाबाहेर नेणं गुन्हा आहे.

जेवण

पिसाकहून उरुबांबा नदीच्या काठाने चाळीसेक किलोमीटर. इथल्या मोठ्या बुफेंत सगळं मिळतं, पण तासभर जातो आणि जड जेवून पुढच्या पायऱ्या चढवत नाहीत. लहान खानावळीत ‘मेनू देल दिया’ मागा: सूप, मुख्य पदार्थ, पेय, ठरलेल्या किमतीत. शाकाहाऱ्यांनी नुसतं ‘सिन कार्ने’ म्हणून भागत नाही, कारण ‘कार्ने’ म्हटलं की तिथे बहुधा गोमांसच डोळ्यांपुढे येतं आणि ताटात कोंबडी येते. पूर्ण वाक्य पाठ करा: ‘नो कोमो कार्ने, नी पोयो, नी पेस्कादो’. सुपाबद्दल वेगळं विचारा, क्विनोआच्या सुपातही रस्सा बहुतेकदा हाडांचा असतो. पापा आ ला वांकाइना, म्हणजे उकडलेल्या बटाट्यावर पिवळ्या मिरचीचा आणि चीजचा घट्ट सॉस, हा हमखास पर्याय. त्यावरचं उकडलेलं अंडं नको असेल तर काढायला सांगा. प्यायला ‘चिचा मोरादा’, जांभळ्या मक्याचं गोड सरबत.

रस्त्याकडेला काठीवर लाल पिशवी किंवा फडकं बांधलेलं घर दिसलं की तिथे आंबवलेल्या मक्याची चिचा मिळते. ती मादक असते. पिण्याआधी लोक चार थेंब जमिनीवर सांडतात, पाचामामाला म्हणजे धरणीमातेला. आपण जेवणाआधी चित्राहुती घालतो, तसंच हे.

ओयांतायतांबो: उतरत्या उन्हात

उरुबांबापासून वीसेक किलोमीटर. अडीच-तीनला पोचा. दुपारच्या बसेस चिंचेरोकडे निघू लागतात आणि चार वाजल्यानंतर तर किल्ला जवळजवळ तुमचा असतो. वारा मात्र जोरात असतो, टोपीला दोरी बांधा.

आधी गावातून चाला. अरुंद गल्ल्या, घडीव दगडांच्या भिंती आणि गल्लीच्या कडेने खळाळणारा पाट. ही गावरचना इंकांची आणि लोक आजही त्याच वाड्यांत राहतात. एका चौकाभोवती तीन-चार खोल्या आणि सगळ्यांना मिळून रस्त्यावर एक दार, याला ‘कांचा’ म्हणतात. चौसोपी वाडा पाहिलेल्या माणसाला ते चटकन समजतं.

मग चढण. उभ्या खाचरांच्या मधून दोनशेहून अधिक पायऱ्या. तीस-चाळीस पायऱ्या झाल्या की बसा. वर सूर्यमंदिराच्या अपुऱ्या राहिलेल्या भिंतीत गुलाबी दगडाच्या सहा प्रचंड शिळा शेजारी शेजारी उभ्या आहेत, मधे अरुंद दगडी पट्ट्या. यांतली मोठी शिळा ५० टनांच्या आसपास भरते. हा दगड इथला नाही. नदीपलीकडच्या डोंगरात काचिकाता नावाची खाण आहे, तिथून तो खाली आणला, नदी पार केली आणि या चढावर ओढला. त्यांच्याकडे लोखंड नव्हतं आणि गाडीचं चाक नव्हतं. अमेरिकेतल्या बर्कली विद्यापीठाचे वास्तुतज्ज्ञ ज्याँ-पिएर प्रोत्सेन यांनी स्वतः गोट्यांनी दगड ठोकून दाखवलं की कठीण दगडाच्या गोट्याने ठोकत ठोकत दगड असा सपाट घडवता येतो. वाटेत सोडून दिलेल्या शिळा अजून पडून आहेत, लोक त्यांना ‘दमलेले दगड’ म्हणतात. गाईडला ती खाण बोटाने दाखवायला सांगा. ती पाहिल्याशिवाय या भिंतीचं मोल कळत नाही.

इथेच १५३७ च्या जानेवारीत इंका राजा मांको याने एर्नांदो पिसारोच्या स्पॅनिश फौजेला मागे रेटलं. वरून दगड-बाणांचा मारा आणि खाली पाटांचं पाणी वळवून मैदान बुडवलं, घोडे चिखलात अडकले. पाणी वळवण्याचं जे कसब शेतीसाठी होतं तेच त्या दिवशी लढाईला आलं. पुढे मांको जंगलात विल्काबांबाकडे हटला.

समोरच्या पिंकुय्युना डोंगराच्या कड्यावर लांबट इमारती दिसतात. ती धान्याची कोठारं. उंचावर, वाऱ्याच्या तोंडावर बांधलेली, म्हणजे मका-बटाटा थंड आणि कोरडा राहील. तिकडे चढायला तिकीट लागत नाही, पण वाट उभी आहे, आणि पिसाक उतरून आलेल्या पायांनी ती त्याच दिवशी चढू नये.

चिंचेरो, मोराय आणि लोकर

ही दोन ठिकाणं मी याच दिवसात बसवत नाही. अर्धं तिकीट दोन दिवस चालतं, ते याचसाठी वापरा: दुसऱ्या सकाळी मोरायची वर्तुळाकार खाचरं आणि मारासची मिठागरं बघून दुपारी चिंचेरो. तिथे उंची ३,७६० मीटरच्या आसपास, म्हणजे कुस्कोपेक्षाही वर. गरम कपडे चढवून जा. इंका राजवाड्याच्या पायावर १६०७ साली बांधलेलं चर्च आहे, छतावर रंगकाम, आत फोटो काढू देत नाहीत.

चिंचेरोची खरी ओळख विणकरणी. कमरेला पट्टा बांधून चालवायचा माग, हातात सूत कातायची टकळी, आणि रंग सगळे झाडाझुडपांचे नाहीतर किड्यांचे. निवडुंगावरचा कोचिनीया नावाचा किडा तळहातावर चिरडला की लाल होतो, त्यात लिंबू पिळलं की केशरी. चिल्का झुडपापासून हिरवा. लोकर धुवायला एका मुळाचा कीस, त्याला रिठ्यासारखा फेस येतो. हे प्रात्यक्षिक विनामूल्य असतं, शेवटी खरेदीची अपेक्षा असते. नको असेल तर वाटीत नाणी ठेवून उठावं.

बाजारात स्वस्तात मिळणारे ‘बेबी अल्पाका’ (अल्पाका हा लामासारखा लोकरीचा प्राणी) स्वेटर बहुतेक वेळा ॲक्रिलिकचे असतात. अल्पाकाचं कापड हाताला थंड लागतं, वजनदार पडतं, आणि धागा किंचित कमी-जास्त जाडीचा असतो. ॲक्रिलिक लगेच कोमट वाटतं आणि चकाकतं. हातमागाच्या पट्टीची उलटी बाजू पाहा, ती सुलट बाजूइतकीच नेटकी हवी. खात्रीचं हवं असेल तर निल्दा काय्यान्याउपा यांनी १९९६ मध्ये सुरू केलेल्या कुस्कोच्या पारंपरिक विणकाम केंद्राच्या दुकानातून घ्या. तिथे प्रत्येक कापडावर विणणारीचं नाव असतं. महाग वाटेल, पण एका शालीमागे कित्येक आठवडे गेलेले असतात. घोंगडी विणताना पाहिलेल्यांना हे सांगायला नको.

परतताना

माचू पिक्चू पुढे असेल तर ओयांतायतांबोलाच झोपा. आगगाडी तिथूनच सुटते आणि उंचीही कमी. कुस्कोला परतायचं असेल तर पाचला निघा. सूर्य वर्षभर साडेपाच ते सव्वासहाच्या दरम्यान मावळतो आणि घाटात समोरून मोठी वाहनं येतात. गाईडला आणि चालकाला बक्षिसी वेगवेगळी द्या, ज्याच्या त्याच्या हातात.

खोऱ्यातून निघायच्या आदल्या रात्री बॅगेचे सगळे कप्पे रिकामे करून पाहा. कोकाची पानं, कोकाच्या चहाच्या पिशव्या, गोळ्या यांतलं काहीही भारतात किंवा अमेरिकेत नेता येत नाही, आणि बाजारात कोणीतरी प्रेमाने हातात दिलेली चार पानं जॅकेटच्या खिशात राहून जातात. मक्याचे दाणे, बटाटे, बी-बियाणं इथेच कोणाला तरी देऊन टाका. आईने घेतलेले जांभळे बटाटे आम्ही मुक्कामाच्या घरच्या बाईंना दिले. सकाळी त्यांनी ते उकडून, मीठ लावून, न्याहारीला आमच्याच ताटात वाढले.